एका सकाळचा आठवडा

आमच्या शेजारची सून एका सकाळी सहा साड्या नेसायची.

हे मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा वाटलं, हिचं डोकं फिरलं. सकाळी सडा घालून तिनं दारात कोलम, म्हणजे तिकडची रांगोळी, काढला तेव्हा अंगावर हिरवी साडी होती. मी आत जाऊन कॉफी घेऊन आले, तर कोलम पुसलेला, दार धुतलेलं आणि ही निळी साडी नेसून पुन्हा वाकलेली. माझी डाळ शिजेपर्यंत ती पिवळ्या साडीत होती. मी दारापुढच्या ओट्यावरूनच विचारलं, "काय गं, घरी कुणी बघायला येणार आहे का?"

"नाही पाट्टी," ती मान वर न करता म्हणाली, "मी आत्ता बुधवारात आहे. गुरुवार, शुक्रवार, शनिवार अजून व्हायचेत. ऊन चढायच्या आत उरकायचं."

मग तिनं मला समजावलं. मोबाइलवर तिचं एक पान होतं. त्यावर रविवार सोडून रोज सकाळी सहाला तिच्या कोलमचा व्हिडिओ जायचा. पण रोज पहाटे कोण व्हिडिओ काढणार. म्हणून ती रविवारच्या एका सकाळी सगळ्या आठवड्याचे कोलम काढायची, प्रत्येकाला वेगळी साडी, वेगळी फुलं. मग ते सगळे व्हिडिओ त्या पानावर चढवून प्रत्येकाला वार आणि वेळ लावून ठेवायची. पुढं फोनला हातसुद्धा लावायला नको.

"आपण झोपलेलो असलो तरी व्हिडिओ वेळेवर जातो," ती म्हणाली. तिला याचा फार अभिमान.

"मग तू मेलीस तरी जाईल," मी म्हटलं.

"जाईल की," ती हसली आणि गुरुवार नेसायला आत गेली.

आम्ही तंजावूरचे मराठी. माझं माहेर राजवाड्यामागच्या गल्लीतलं. नवरा तांदळाच्या गिरणीत कारकून होता, म्हणून मी कालव्याकाठच्या त्या खेड्यात गेले आणि तो गेल्यावरही तिथंच राहिले. गावात मला रावांच्या घरची पाट्टी म्हणत, पाट्टी म्हणजे आजी. ती सून आणि मी तमिळमध्येच बोलायचो. मी मराठीत लिहिते आहे म्हणून ती मराठी बोलल्यासारखी वाटेल. तिला मराठीतलं एक अक्षर येत नव्हतं.

ती मला आवडायची असं नाही. फार बोलायची. शिवाय बोलता बोलता मध्येच थांबून आकाशाकडे बघायची आणि "आता उजेड चांगला आहे," म्हणून उठून जायची. तिला घड्याळ नव्हतं, उजेड होता. मी ओट्यावर भाजी निवडत बसले तर येऊन म्हणायची, "पाट्टी, जरा सरका, तुमची सावली पडते." हातात फोन नसतानासुद्धा. प्रत्येक काम दोनदा करायची सवय लागली होती तिला. घागर उचलायची, चार पावलं जायची, परत जागेवर ठेवायची आणि पुन्हा उचलायची. एकदा घरासाठी, एकदा व्हिडिओसाठी. पुढं पुढं व्हिडिओ नसला तरी घागर दोनदा उचलायची. दूधवाला आला तर त्यालाही व्हिडिओखाली लिहायची तेच, "वणक्कम, माझ्या घरच्या माणसांनो," म्हणायची. तो बिचारा मागं वळून बघायचा, आणखी कोण आलंय म्हणून.

तिचं एक ठरलेलं वाक्य होतं: "ते पुढच्या भागात." कुठल्याही नकोशा प्रश्नाला हेच उत्तर. गावातल्या बायका नळावर विचारायच्या, "मूल कधी गं?" ती म्हणायची, "ते पुढच्या भागात." नवरा कुवेतला. थंड हवेची यंत्रं दुरुस्त करायचा. दोन वर्षांतून एकदा महिनाभर येणार. मूल होणार कुठून? पण बायका विचारायच्या तिलाच.

तिचं माहेर आणखी खाली, समुद्राकडच्या बाजूला. बारावी झालेली. चित्रकलेच्या शाळेत जायचं होतं म्हणे, पण स्थळ आलं. नवऱ्यानं फोन पाठवला तो आपल्याशी बोलायला. त्या फोनवर तिनं दुसऱ्या बायकांचे कोलम पाहिले आणि म्हणाली, हे तर मीही काढते.

सासूनं परवानगी दिली, पण अट घातली. "हात दाखव, पाय दाखव, पाठीवरची वेणी दाखव. तोंड दिसलं तर फोन विहिरीत." म्हणून तिच्या व्हिडिओत ती कधीच दिसली नाही. दोन हात, साडीचा काठ, वेणीतला गजरा आणि खाली कोलम. लाखभर लोकांनी तिचे हात पाहिले असतील, पण बसमध्ये शेजारी बसली तर कुणी ओळखलं नसतं.

आता खरी गंमत सांगते. ते व्हिडिओ काढायची कोण? सासूच. म्हातारीला साखरेचा आजार. पायाला न भरणारी जखम, त्यामुळं चालणं नाही. दारात प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसून, कोपरं गुडघ्यांवर टेकवून ती दोन्ही हातांनी फोन धरायची, आरती धरल्यासारखा. आणि तोंडानं सारखी शिव्या. "पदर ओढ, कंबर दिसते. ही रेघ बघ, साप गेलाय तिथून. अगं म्हशी, मोराला शेपूट काढतेस की केरसुणी?" सून खाली वाकून हसत असायची. नंतर ती आवाज काढून टाकायची आणि वीणेचं संगीत लावायची. सासूच्या शिव्या जगात कुणी ऐकल्या नाहीत. मी ऐकल्या.

पण म्हातारीनं ही गोष्ट कुणाला सांगितली नाही. तिची मुलगी पट्टुकोट्टैला दिलेली. मुलीला वहिनीचे व्हिडिओ मुळीच पसंत नव्हते. रोज संध्याकाळी ती आईला फोन करायची आणि आई म्हणायची, "काय सांगू बाई, हिची थेरं मला बघवत नाहीत. मी तर डोळे मिटून घेते." मी भिंतीपलीकडून ऐकायची. एकदा मी म्हातारीला विचारलं, "लेकीशी खोटं का बोलतेस?"

"तिला बरं वाटतं," म्हातारी म्हणाली. "आणि हिलाही बरं वाटतं. माझं काय जातं?"

व्हिडिओ बघून बघून ती सून काय काय शिकली. काही चांगलं, काही वेडेपणाचं. मान गोरी व्हावी म्हणून लिंबू आणि दात घासायची पेस्ट लावली आणि कातडी सोलून घेतली. पण म्हाताऱ्या सासूच्या जखमेवर पट्टी बांधायला शिकली तीही फोनवरूनच. इतकी नीट की तंजावूरच्या दवाखान्यातल्या नर्सनं विचारलं, कुठं शिकलीस. मोपेड शिकली ती अशी: घरात नवऱ्याची मोपेड पडून होती, ती स्टँडवर लावून त्यावर बसायची, पुढं फोन अडकवायची आणि व्हिडिओतला माणूस सांगेल तसं करायची. कित्येक दिवस गाडी जागची हलली नाही. मग एके दिवशी तिनं स्टँड काढला आणि सुटली. कालव्याच्या पुलापर्यंत गेली, वळली, परत आली आणि आमच्या दारावरून तशीच पुढं गेली. भाताच्या शेतात जाऊन पडली. चिखल पुसत आली तेव्हा सासू म्हणाली, "थांबायचं नाही शिकवलं त्यानं?"

"ते पुढच्या भागात होतं, अत्तै."

अत्तै म्हणजे सासूबाई. त्या दिवशी म्हातारी हसून हसून खोकायला लागली. नंतर त्याच मोपेडवर मागं बसवून ती सासूला दवाखान्यात न्यायची, पाय दुपट्ट्यात गुंडाळून.

गावातल्या तरण्या मुली, नव्या सुना दुपारी तिच्याभोवती जमायच्या. आमच्याच ओट्यावर, कारण तिथं मागं जुना लाकडी खांब होता आणि व्हिडिओत तो श्रीमंत दिसतो असं तिचं म्हणणं. त्या मुली तिच्याकडून कोलम शिकायच्या, तिच्या फोनवर दुसऱ्यांची घरं बघायच्या. मी शेजारी बसून पाहायची. फोन यायच्या आधी या मुली दुपारभर भिंतीकडे बघत बसायच्या. आता फोनकडे बघतात. मला फार फरक दिसला नाही. एवढंच, की भिंतीतून दुसऱ्याचं स्वयंपाकघर दिसत नाही. एका मुलीनं रोपं लावायला शेतात जाणं सोडलं, हात काळे होतात म्हणून. तिच्या आईनं त्या हातांवर तापलेलं उलथनं ठेवलं. शेजारच्या त्या सुनेनं स्वतःच्या स्वयंपाकघरात धुरानं काळ्या झालेल्या भिंतीवर फरशीसारखा चकचकीत कागद चिकटवला. सगळ्या भिंतीवर नाही. व्हिडिओत येते तेवढ्याच.

एकदा तिला नवे कोलम सुचेनात. म्हणाली, "पाट्टी, तुमच्या लोकांचं काही असेल तर दाखवा." मी तिला आईनं शिकवलेली गोपद्मं दाखवली, तांदळाच्या पिठाची, गाईच्या खुरांएवढी. तिनं काढली, व्हिडिओ गेला. दुसऱ्या दिवशी मी विचारलं, "काय म्हणाले लोक?"

"म्हणाले, लहान आहे, रंग नाही."

"बरं झालं," मी म्हटलं. "गोपद्मं त्यांच्यासाठी नव्हतीच."

तिला वाईट वाटलं असावं. पण मी तिला बरं वाटावं म्हणून काही बोलायची नाही आणि ती ते गृहीत धरायची. एकदा तिनं विचारलं, "पाट्टी, माझं तोंड वाईट आहे का?" मी म्हटलं, "वाईट नाही. पण त्यासाठी कुणी बस पकडून येणार नाही." ती बराच वेळ हसली. मग म्हणाली, "तरी एकदा दाखवायला पाहिजे होतं."

नवऱ्याला सुरुवातीला कौतुक होतं. खोलीतल्या मित्रांना दाखवायचा. मग व्हिडिओखाली कुणा पुरुषानं लिहिलं, हात किती सुंदर आहेत. कुणी लिहिलं, हे हात ज्याचे आहेत तो भाग्यवान. ती हे सासूला वाचून दाखवायची आणि दोघी हसायच्या. नवरा हसत नव्हता. तो फोन करून विचारायचा, हा कोण, तो कोण. तिला काय माहीत कोण. त्यानं बंद कर म्हटलं नाही. पण फोनवर गप्प बसायला लागला. ती भात शिजवताना फोन डब्याला टेकवून ठेवायची. पलीकडं तो खाटेवर पडून बघत असायचा. मी आत डोकावले तर मला वाटायचं, भिंतीवर कुणाचा फोटो लावलाय.

त्या रविवारी तिनं नेहमीसारखा आठवडा उरकला. सासूनं नेहमीसारख्या शिव्या दिल्या. मी ओट्यावर होते. सोमवारी दुपारी म्हातारीनं ताकभात खाल्ला, अंग टाकलं आणि गेली. सून धुणं धूत होती. आत आली तेव्हा संपलं होतं.

मुलगा कुवेतहून यायचा म्हणून देह बर्फाच्या पेटीत ठेवला, पुढच्या खोलीत. दारात मांडव पडला. खुर्च्या आल्या. पट्टुकोट्टैहून नणंद आणि तिचा नवरा आले. नणंदेच्या नवऱ्यानं सुनेचा फोन मागून घेतला, कारण सगळ्या नातेवाइकांचे नंबर त्यात होते. ती रडत होती. त्या घरात मनापासून रडणारी ती एकटीच होती, असं मी म्हणणार नाही. पण जखम धुण्याचं तामण बघून रडणारी ती एकटीच होती.

आमच्याकडे मयत झालं की दारात कोलम काढत नाहीत. सोळाव्या दिवसाचं कार्य होईपर्यंत दार उघडं-बोडकं राहतं. रस्त्यानं जाणारा माणूस रिकामं दार बघूनच ओळखतो आणि आवाज खाली करतो. हे तिथल्या लहान पोरालाही माहीत असतं.

मंगळवारी सकाळी सहाला व्हिडिओ गेला.

नणंद पेटीजवळ बसली होती. तिच्या सासरच्या कुणीतरी तिच्या फोनवर पाठवला: हे तुमचंच दार ना? मी तिच्या मागेच होते, मीही पाहिला. तांबडी साडी, वेणीत गच्च मोगरा, आणि त्याच उंबऱ्यापुढं दोन मोरांचा मोठा रंगीत कोलम. खाली लिहिलेलं: आज आमच्या घरी आनंद आहे. तुमच्याकडे?

नणंदेनं फोन वहिनीच्या तोंडासमोर धरला. "अण्णी, हे काय?"

तिनं पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. "हा रविवारचा आहे. मी आधीच घालून ठेवला होता. मंगळवारचा आहे हा."

"रविवारचा की मंगळवारचा?"

"काढला रविवारी. नेसलेला मंगळवार आहे."

असं ऐकून कुणाला काय कळणार? बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. ती म्हणाली, "माझा फोन द्या. मी एका मिनिटात काढून टाकते. बाकीचेही काढते."

नणंदेच्या नवऱ्याच्या हातात तो फोन होता. तो उठला, फोन पाट्यावर आपटला, मग बाहेर जाऊन कालव्यात फेकून आला. हात झटकत म्हणाला, "झालं. गेले सगळे व्हिडिओ."

त्याला खरंच वाटलं, व्हिडिओ फोनमध्ये असतात. सगळ्यांनाच तसं वाटलं. मलाही वाटलं असतं, मला तिनं समजावलं नसतं तर.

ती भिंतीला टेकून खाली बसली. एवढंच म्हणाली, "आता उद्याचा कसा थांबवू?"

मग ती वेड्यासारखी फोन मागत फिरली. मयताच्या घरची सून, केस मोकळे, आणि ज्याच्या त्याच्याकडे फोन मागते आहे. बघणाऱ्यांना काय वाटलं असेल ते वेगळं सांगायला नको. माझ्याकडे आली. माझा फोन बटणांचा. त्यावर फक्त बोलता येतं. शेवटी ओट्यावर येणाऱ्या एका मुलीनं चोरून आपला फोन दिला. हिनं खूण-शब्द घातला, तर फोन म्हणाला, तुमच्या नंबरवर आकडे पाठवलेत, ते सांगा. नंबर कालव्याच्या तळाशी. नवं कार्ड घ्यायचं तर तंजावूरच्या दुकानात जाऊन स्वतःचा अंगठा द्यावा लागतो. आणि सोळावं होईपर्यंत घरच्या सुनेनं गावाबाहेर पाऊल टाकायचं नसतं. तिनं विचारलं. नाही म्हणाले. "आई पेटीत आहे आणि हिला दुकानात जायचंय," नणंद म्हणाली.

मुलगा दुपारी आला. त्यानं तो व्हिडिओ विमानतळावर बसून पाहिला होता. विमानाची वाट बघत, आईचं तोंड बघायला मिळेल की नाही या काळजीत. तो बायकोशी बोलला नाही. आईला पोचवून आला, डोकं भादरलं, तरी बोलला नाही.

बुधवारी सकाळी पुरुष अस्थी गोळा करायला निघाले तेव्हा सहाचा व्हिडिओ गेला. गुरुवारी गेला. शुक्रवारी सगळ्यात मोठा, दिव्यांचा. शनिवारीही गेला. सकाळ झाली की त्या घरातले सगळे, लहानमोठे, फोन पुढं धरून बसायचे. बघायचं नसतं तर बसले नसते. ती आत स्वयंपाकघरात त्या चकचकीत कागदाकडे पाठ करून उभी असायची. बाहेर संगीत वाजलं की तिला कळायचं, गेला.

नळावर बायका म्हणत, "सासू गेली म्हणून हिची दिवाळी." व्हिडिओखाली लांबची माणसं लिहीत होती, किती मंगल, किती प्रसन्न. गावच्यांनी लिहिलं ते मी लिहिणार नाही.

सोळाव्याच्या आदल्या दिवशी मांडवात बैठक बसली. नवरा, त्याचे मामा, नणंद आणि तिचा नवरा. हिला माहेरी पाठवायचं, असं बोलणं चाललं होतं. पाठवायचं म्हणजे कायमचं. हिचा भाऊ आला होता. हात बांधून उभा. त्याच्या दोन खोल्यांत बायको, मुलं, आई. जागा नाही, हे त्याच्या उभं राहण्यावरूनच कळत होतं. ती दाराआड उभी होती. राहणार की जाणार, ते बाहेर ठरत होतं.

मी गेले. मला कुणी बोलावलं नव्हतं.

मी म्हटलं, "ते कोलम मयताच्या आधीचे आहेत. रविवारी सकाळचे. मी माझ्या ओट्यावर होते. आणि फोन हिच्या सासूनं धरला होता. दर रविवारी तीच धरायची."

नणंद ताडकन म्हणाली, "माझी आई? माझ्या आईला हे बघवत नव्हतं. रोज मला सांगायची."

"ती तुला खोटं सांगायची."

"पाट्टी, गेलेल्या माणसाला खोटं ठरवू नका. ती आता उत्तर द्यायला नाही."

"म्हणूनच मी देते आहे," मी म्हटलं.

मामा शहाणे होते. त्यांनी हात वर केला. "पाट्टी, आमचा विश्वास आहे. कोलम आधीचा. मान्य. आम्हाला कळलं. पण ज्यांनी पाहिला त्यांना कोण सांगणार?"

नवरा पहिल्यांदा बोलला. जमिनीकडे बघत. "माझ्या खोलीतले सगळे विमानतळावर सोडायला आले होते. त्यांनी तिथंच पाहिला. मला काही बोलले नाहीत. माझ्यासमोर फोन पालथा ठेवला. मला तिथं परत जायचंय."

खरं काय ते मी सांगितलं होतं आणि सगळ्यांनी ते मान्यही केलं होतं. त्याचा उपयोग झाला नाही.

तेवढ्यात ती दाराआडून बाहेर आली. म्हणाली, "मला एक व्हिडिओ करू द्या. मी सांगते सगळ्यांना. तोंड दाखवून सांगते, अत्तैनं फोन धरला होता, मी कधी काढले होते. एकच."

मला वाटलं, गप्प बस गं. पण बोलून झालं होतं.

नवऱ्यानं मान वर केली. "तोंड दाखवून?"

ती थांबली.

"आई होती तोवर हात दाखवलेस," तो म्हणाला. "आता आई नाही, तर तोंड."

त्यानं आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं. भावानं मान फिरवली. नणंद रडायला लागली, आणि मला वाटतं, खरंच रडत होती.

शेवटी मामांनी निकाल दिला. घर बंद ठेवता येणार नाही, म्हाताऱ्या माणसानं लावलेला दिवा कुणीतरी लावला पाहिजे, बकऱ्या आहेत. सून राहील. पण फोन नाही. आणि त्या दारात तिच्या हातचा कोलम नाही. "लोकांनी तो हात बघितला की त्यांना पुन्हा सगळं आठवणार," मामा म्हणाले. ते हे उपकार केल्यासारखं म्हणाले आणि खरं तर उपकारच होता. भावाचा जीव भांड्यात पडला.

सोळावं झालं की घरची सून दारात पहिला कोलम काढते. त्यावरून गावाला कळतं, या घराचं सुतक संपलं. त्या घरी नणंदेनं तंजावूरच्या बाजारातून प्लॅस्टिकचा कोलम आणला. मागं गोंद असतो. उंबऱ्यापुढं चिकटवला, वर पायानं दाबला आणि पट्टुकोट्टैला गेली.

नवरा कुवेतला परत गेला. तिथून तो बोलायचा, माझ्या बटणांच्या फोनवर. मी भिंतीवरून हाक मारायची, ती यायची. "हो." "जेवले." "बकरी व्याली." "हो." फोन माझ्या हातात देऊन जायची. मी विचारायची नाही आणि ती सांगायची नाही. उजेडाकडे बघायची सवय गेली. घागर एकदाच उचलायची.

ओट्यावर येणाऱ्या मुली येईनाशा झाल्या. त्यांच्या घरच्यांनी त्यांचेही फोन तपासले. दोघींचे काढून घेतले. त्या मुलींनी याचा राग कुणावर धरला असेल? तिच्यावर. रस्त्यात दिसली तर तोंड फिरवायच्या.

तिचं पान मात्र अजून आहे. बंद करायला नंबर लागतो. तंजावूरला माझ्या भावाची सून ते बघते. मी गेल्या वर्षी भावाकडे कायमची राहायला आले, तेव्हा तिनं मला दाखवलं. "आत्याबाई, या बाईनं नवीन टाकणं का सोडलं? सगळे विचारतात." मी म्हटलं, "तिला काम असेल."

गाव सोडायच्या आधीचा मार्गळी महिना आठवतो, आपला मार्गशीर्ष-पौष. त्या महिन्यात सगळ्या गल्लीत दारादारांत चुरस लागते, रस्ता दिसेनासा होतो इतके मोठे कोलम. माझं कंबरडं तेव्हा गेलेलं. वाकता येत नव्हतं. माझ्या दारात नुसता सडा, तिच्या दारात ते प्लॅस्टिक, कडेनं सुटत आलेलं, वर कोंबडीची पावलं. ती ओल्या फडक्यानं ते पुसत होती.

मी म्हटलं, "माझ्या दारात काढ. मला वाकता येत नाही. तुझ्या दारात नको म्हणालेत, माझ्या दारात नको असं कुणी म्हटलेलं नाही."

ती फडकं पिळत थोडा वेळ उभी राहिली. माझ्या दाराकडे बघत होती. किती जागा आहे, मोर कुठं बसेल, हे तिच्या डोळ्यांत दिसत होतं. मी पिठाची वाटी पुढं केली.

"नको पाट्टी," ती म्हणाली.

"का?"

"कुणीतरी व्हिडिओ काढेल."

मी रस्त्याकडे पाहिलं. कुणी नव्हतं.